दुसऱ्याच्या कानांनी

तिसऱ्या गाण्यापर्यंत सगळं सुरळीत चाललं होतं. पुण्यातल्या एका कॉलेजचं मैदान, फेब्रुवारीची संध्याकाळ, जमिनीतून दुपारची ऊब अजून गेलेली नव्हती पण वाऱ्याला गारवा यायला लागला होता. बँड तरुण पोरांचा. गाणी मराठी, गिटार आणि ड्रम्सच्या जोडीला ढोलकी आणि बासरी. गायक रंगात आला, माइक घेऊन बाजूच्या पायऱ्या उतरला आणि लोकांच्या दिशेनं धावला. धावताना तो मुख्य स्पीकरच्या अगदी पुढ्यातून गेला आणि मैदानभर कर्कश शिटी घुमली. फार तर दोन सेकंद. लोकांनी कानांवर हात घेतले आणि सगळ्या माना एकदम मागे वळल्या. मागे बॅरिकेडच्या चौकोनात, ताडपत्रीच्या छपराखाली सगळ्या माइकचे आवाज जुळवणारा मिक्सर मांडलेला होता आणि त्यापाशी एक माणूस उभा होता. माना वळायच्या आत त्याच्या बोटानं गायकाच्या माइकचा फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करायची सरकती खुंटी, खाली ओढलेला होता, शिटी थांबलीही होती. तरी माझ्या पुढच्या रांगेतून कुणीतरी ओरडलंच, ‘ए साउंडवाल्या, झोपला काय रे?’ आजूबाजूला हशा पिकला. गाणं पुढे गेलं.

ती हाक माझ्या डोक्यातून जाईना.

कारण त्या माणसाला मी दुपारपासून बघत होते. माझ्या बहिणीचा मुलगा या बँडमध्ये बेस गिटार वाजवतो. त्याच्याबरोबर मी लवकरच मैदानावर पोचले होते आणि पोरांची तालीम बघायच्या नादात भलतंच काहीतरी बघत बसले. सगळे त्या माणसाला दादा म्हणत होते. पंचेचाळिशीचा असावा, कमरेला टॉर्च आणि टेपचं रीळ लटकवलेलं. मी पोचले तेव्हा टेम्पो रिकामा होत होता. चाकं लावलेल्या काळ्या पेट्या फळीवरून उतरत होत्या, लाइट टांगायच्या लोखंडी सांगाड्याचे, ट्रसचे, तुकडे खणखणत जमिनीवर पडत होते, आणि दादा या सगळ्यापासून लांब, जनरेटरपाशी उकिडवे बसले होते. जमिनीत अर्थिंगची कांब ठोकून झाली होती आणि एक पोरगा बाटलीतून तिच्यावर मिठाचं पाणी ओतत होता. माती ओली आणि खारट असली की वीज जमिनीत नीट उतरते. साउंडसाठी एक जनरेटर आणि लाइटसाठी दुसरा, असा दादांचा आग्रह होता, कारण लाइट मंद-प्रखर करणारे डिमर त्याच लाइनवर असले तर स्पीकरमधून बारीक गुणगुण यायला लागते. आयोजकांना दुसऱ्या जनरेटरचं भाडं जड वाटत होतं. त्यावर बरीच घासाघीस झाली. दादा आवाज न चढवता एकच वाक्य पुन्हा पुन्हा सांगत राहिले, ‘साहेब, पोरं ओठ लावणार आहेत माइकला.’

याचा अर्थ मला तासाभरानं कळला. गिटार ॲम्प्लिफायरला जोडून झाल्या, माइक उभे राहिले, तेव्हा दादा विजेचा दाब मोजणारा मल्टिमीटर घेऊन रंगमंचावर चढले. एक टोक गिटारच्या तारेला लावलं, दुसरं माइकच्या जाळीला, आणि आकडा बघितला. मग पुढची गिटार, पुढचा माइक. गिटार आणि माइक यांचं अर्थिंग एकसारखं नसेल तर दोन्हींमध्ये विजेचा दाब तयार होतो, आणि बोटं तारांवर ठेवून गाणाऱ्यानं ओठ जाळीला टेकवले की त्या दाबानं वीज त्याच्या अंगातून वाहते. हे नुसतं भीतीपोटी सांगितलं जात नाही. स्टोन द क्रोज या स्कॉटिश बँडचा गिटारवादक लेस्ली हार्वे मे १९७२ मध्ये वेल्समधल्या स्वान्सी इथे कार्यक्रम चालू असतानाच माइकला हात लागून विजेच्या धक्क्यानं गेला. माझा भाचा शेजारी उभा राहून फोनवर कुणाशी तरी हसत बोलत होता. त्याच्या गिटारपाशी दादा जरा जास्त वेळ थांबले, एक वायर बदलली, पुन्हा मोजलं आणि काही न बोलता पुढे गेले. त्याच्या आईला हे दाखवायला हवं होतं, असं मला फार वाटलं.

मिक्सरच्या खालच्या कडेला पांढऱ्या टेपची एक लांब पट्टी चिकटवलेली होती आणि तिच्यावर बॉलपेननं प्रत्येक फेडरखाली नाव लिहिलेलं: किक, स्नेअर, बेस, गिटार १, गिटार २, ढोलकी-उ, ढोलकी-डा, बासरी, लीड, कोरस. ढोलकीला दोन माइक, कारण उजव्या आणि डाव्या पानाचा आवाज इतका वेगळा की एका माइकमध्ये दोघांना न्याय मिळत नाही. बासरीपुढे फेडरच्या शेजारी बारीक अक्षरात ‘फुंकर’ असंही लिहिलेलं होतं. तो मुलगा माइकच्या फार जवळ येऊन फुंकतो, याची ती आठवण. मग सुरू झाला तो प्रकार, ज्याला आपण प्रेक्षक कंटाळवाणा म्हणतो. चेक, चेक, वन, टू. दादांनी रंगमंचावरचे स्पीकर मुद्दाम शिटी वाजेपर्यंत वाढवले. शिटी आली की ती कुठल्या कंप्रतेची आहे हे कानानं ओळखायचं, इक्वलायझरच्या, म्हणजे आवाजातले जाड-बारीक सूर वेगवेगळे कमीजास्त करणाऱ्या यंत्राच्या, एकतीस पट्ट्यांमधून तेवढीच पट्टी खाली ओढायची, पुन्हा वाढवायचं, दुसरी शिटी शोधायची. संध्याकाळी वाजू नयेत म्हणून दुपारी सगळ्या शिट्या वाजवून घ्यायच्या. माइकचा आवाज स्पीकरमधून बाहेर येतो, तो पुन्हा माइकमध्ये शिरतो, पुन्हा वाढून बाहेर येतो, आणि हे चक्र एकदा सुटलं की त्यातून शिटी जन्मते. म्हणून तर माइकची पाठ स्पीकरकडे आणि तोंड गायकाकडे ठेवतात. गायकच स्पीकरच्या पुढ्यात गेला, किंवा आजकालच्या पद्धतीप्रमाणे त्यानं माइकची जाळी मुठीत धरली, की दुपारची सगळी मेहनत त्याच्याबरोबर चालत निघून जाते.

म्हणजे त्या रात्री झोपलेलं कुणीच नव्हतं.

कराडला आमच्या गल्लीत गणपतीत लाउडस्पीकर लावायला यायचे त्यांचाही असाच पंचनामा व्हायचा. लोखंडी पेटीवर बसलेला माणूस, पेटीत आहुजाचा ॲम्प्लिफायर, विजेच्या खांबाला बांधलेले दोन कर्णे, आणि माइकवर धूळ बसू नये म्हणून घातलेला रुमाल. आरती संपेपर्यंत त्याला कुणी विचारायचं नाही, आणि अध्यक्षांच्या भाषणात खरखर आली की सगळा मांडव त्याच्यावर. मग ऑर्केस्ट्राचे दिवस आले. ऑर्केस्ट्रातल्या गायकांना इको फार लागायचा. टेपची छोटीशी माळ सतत फिरवत ठेवणारं एक मशीन असायचं. आवाज तिच्यावर उमटायचा आणि क्षणभरानं पुढच्या हेडवरून पुन्हा वाजायचा. ती टेप झिजायची, मग आवाज मातकट व्हायचा. आमच्या गल्लीत आलेल्या एका ऑर्केस्ट्रात मशीन सांभाळणाऱ्यानं कार्यक्रमाच्या मधोमध, निवेदक विनोद सांगत असताना, पेटीच्या उजेडात टेप बदललेली मी पाहिली आहे. जिभेवर टेपचं टोक धरून, दोन्ही हातांनी. विनोद संपायच्या आत ते मशीन फिरायला लागलं आणि पुढच्या गाण्यात गायिकेचा आवाज पुन्हा लांबवर घुमला. मी तेव्हा शाळेत होते. त्या संध्याकाळचं एकही गाणं आठवत नाही, ते टेपचं टोक मात्र लख्ख आठवतं.

मैदानावर दादांपेक्षाही जास्त वेळ मी ज्याच्याकडे बघत राहिले तो मॉनिटरवरचा, म्हणजे वादकांकडे तोंड केलेल्या स्पीकरवरचा, मुलगा. रंगमंचाच्या विंगेत, पडद्याआड त्याचा वेगळा मिक्सर. लोकांना जे ऐकू येतं त्याच्याशी याचा संबंध नाही. वाजवणाऱ्यांना स्वतःचं आणि एकमेकांचं काय ऐकू यावं, हे हा ठरवतो. ड्रमरला बेस मोठा हवा आणि गिटार नकोच, गायकाला स्वतःचा आवाज हवा आणि सुरासाठी थोडी बासरी, ढोलकीवाल्याला ड्रमरचं हाय-हॅट, म्हणजे पायानं वाजणारी झांजांची जोडी. म्हणजे एकच गाणं तो एका वेळी अनेक तऱ्हेनं तयार करत असतो आणि त्यातलं एकही प्रेक्षकांसाठी नसतं. स्वतःच्या हेडफोनमध्ये तो पाळीपाळीनं प्रत्येकाचं ऐकतो. पण मुख्य काम डोळ्यांचं. गाणं चालू असताना कुणी हाक मारू शकत नाही, म्हणून सगळं खुणांवर. कानाकडे बोट, मग वर. छातीवर हात, म्हणजे माझाच आवाज. बासरीवाल्याच्या भुवया नुसत्या जवळ आल्या तरी या पोराचं बोट हललेलं असायचं. सलग दीड तास तो चेहरे वाचत होता. मी विचारलं, ‘तुला गाणं कसं वाटलं?’ तो म्हणाला, ‘मावशी, गाणं घरी जाऊन यूट्यूबवर ऐकतो मी. इथे मी त्यांच्या कानात असतो.’

ही सोय नसेल तर काय होतं त्याचा सगळ्यात मोठा दाखला म्हणजे बीटल्स. १५ ऑगस्ट १९६५, न्यूयॉर्कचं शेआ स्टेडियम, ५५ हजारांवर माणसं. व्हॉक्स कंपनीनं खास १०० वॉटचे ॲम्प्लिफायर दिलेले, आणि गाण्याचे शब्द स्टेडियमच्या उद्घोषणेच्या स्पीकरमधून, ज्यातून एरवी बेसबॉल खेळाडूंची नावं पुकारली जात. किंचाळ्यांपुढे ते काहीच नव्हतं. वाजवणाऱ्यांसमोर मॉनिटर नव्हते. पुढच्या मुलांच्या पाठमोऱ्या हालचाली बघून आपण गाण्यात कुठे आहोत ते ओळखायचो, असं त्यांच्या ड्रमरनं, रिंगो स्टारनं, त्या दौऱ्यांबद्दल सांगितलेलं आहे. जगातला सगळ्यात लोकप्रिय बँड स्वतःला ऐकू शकत नव्हता. २९ ऑगस्ट १९६६ ला सॅन फ्रान्सिस्कोच्या कँडलस्टिक पार्कमधल्या कार्यक्रमानंतर त्यांनी दौरे करणं बंद केलं. कारणं इतरही होती, पण मला हे कारण सगळ्यात दुखरं वाटतं. आपण वाजवतोय ते आपल्याला ऐकू येऊ नये, हे वाजवणाऱ्याला किती दिवस सोसणार? विंगेतल्या त्या पोराकडे बघताना सारखं वाटत होतं, असा एखादा मुलगा तेव्हा तिथे उभा असता तर.

पुढच्या दहा वर्षांत सॅन फ्रान्सिस्को भागातल्याच ग्रेटफुल डेड या बँडनं अगदी उलट टोकाचा उपाय केला. त्यांचा साउंडवाला आउस्ली स्टॅनली आणि त्याच्या सोबतच्या तंत्रज्ञांनी १९७४ मध्ये वादकांच्या पाठीमागे स्पीकरची प्रचंड भिंत उभी केली. सुमारे ६०० स्पीकर, वजन ७५ टनांच्या आसपास. प्रत्येक वाद्याला भिंतीचा स्वतंत्र भाग. वेगळे मॉनिटर नाहीतच. लोकांना जे ऐकू येतं तेच वादकांनाही. भिंत मागे असल्यावर शिटी वाजणारच, म्हणून प्रत्येक गायकाला दोन माइक उलट जोडून दिलेले: दोन्हींत सारखा शिरणारा भिंतीचा आवाज एकमेकाला छेदून नाहीसा व्हायचा, आणि एकाच माइकमध्ये गायलेला आवाज तेवढा उरायचा. कल्पना इतकी देखणी की वाचताना अंगावर काटा येतो. पण ७५ टन उचलणार कोण? मचाण बांधायला इतका वेळ लागायचा की दोन संच ठेवावे लागले. एका गावात कार्यक्रम चालू असताना दुसऱ्या गावात दुसरं मचाण चढत असे. ऑक्टोबर १९७४ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या विंटरलँड सभागृहातल्या कार्यक्रमांनंतर भिंत उतरली ती पुन्हा उभी राहिली नाही. खर्च परवडेना, आणि माणसंही थकली. भिंतीचे फोटो सगळीकडे सापडतात. मी त्या फोटोंत नेहमी कडेला मचाणावर बसलेल्या माणसांच्या आकृत्या शोधते. भिंतीसमोर त्या इतक्या लहान दिसतात की त्यावरूनच भिंतीची उंची कळते.

उंचीचा विषय निघाला म्हणून सांगते. आमच्या मैदानावर लाइट लावायला ट्रसवर चढलेल्या पोराच्या कमरेला पट्टा होता, आणि तो पट्टा त्यानं दर दोन हातांवर काढून पुन्हा अडकवला. दादांनी खालून बघितल्याशिवाय त्याला वर जाऊ दिलं नाही. सगळीकडे असं नसतं. लग्नाच्या मोसमात, जत्रेत, नुसत्या चपला काढून चढलेली पोरं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत आणि खालून त्यांचे व्हिडिओही काढले आहेत. पैशांचं तर बोलायलाच नको. कलाकारांना आगाऊ रक्कम मिळते, यांना ‘कार्यक्रम झाल्यावर बघू’. जेवणाची पाकिटं मोजून येतात ती बँडपुरती. त्या दिवशी आयोजकांचा एक कार्यकर्ता पाकिटं घेऊन आला, विंगेत वाटली आणि मिक्सरच्या चौकोनाला वळसा घालून निघून गेला. वळसा घातला, हे मी पाहिलं. माझ्या भाच्यानं मग स्वतःहून जाऊन चार पाकिटं मागून आणली, तेवढ्यासाठी मला त्याचा फार अभिमान वाटला.

माझ्या मनात या माणसांबद्दल नुसतं कौतुकच आहे असंही नाही. विसर्जनाच्या मिरवणुकीत आमच्या खिडकीच्या काचा थरथरवणाऱ्या डीजेच्या भिंती हीच माणसं उभ्या करतात. शेजारच्या आजोबांना त्या रात्री दुसरीकडे हलवावं लागतं. कार्यक्रमाच्या जागी आवाजाची सरासरी १०० डेसिबलच्या वर जाऊ नये असं जागतिक आरोग्य संघटनेनं २०२२ मध्ये सुचवलं आहे. मिरवणुकीत ते कुणाच्या गावीही नसतं. दादांना मी हे बोलून दाखवलं. ते लगेच काही बोलले नाहीत. खिशातून फोमचे पिवळे बोळे काढून दाखवले आणि म्हणाले, ‘ताई, मी ते काम सोडलं. माझ्या डाव्या कानात रात्री झोपताना सूर लागतो, तो बंद होत नाही.’ त्यांच्याबरोबर शिकलेले दोघं-तिघं अजून तेच करतात, कारण पैसा तिथेच आहे. बासरीची फुंकर सांभाळायचे पैसे कमी आणि काचा हलवायचे जास्त. याचा राग कुणावर काढायचा ते मला अजून ठरवता आलेलं नाही. पण मिक्सरपाशी उभ्या असलेल्या माणसावर तो काढणं मला पटत नाही. आवाज वाढवा म्हणणारा तिथे कधीच उभा नसतो.

नाटकवाल्यांकडे एक चांगली रीत आहे. तिसरी घंटा होते आणि पडदा उघडण्याआधी अंधारात नावं ऐकू येतात: नेपथ्य, प्रकाशयोजना, वेशभूषा, संगीत. पुष्कळदा संगीत-साथ आणि रंगमंच व्यवस्थाही. बाल गंधर्वला किंवा शिवाजी मंदिरला वर्षानुवर्षं नाटक बघणाऱ्याला त्यातली काही नावं पाठ असतात. बँडच्या कार्यक्रमात ड्रमरची ओळख करून देताना चार ठेके वाजतात, टाळ्या होतात, आणि तेवढ्यावर ओळखपरेड संपते. २०२५ च्या जानेवारीत नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये कोल्डप्ले हा ब्रिटिश बँड आला तेव्हा हजारो मनगटांवरचे दिवे एकाच क्षणी रंग बदलत होते, त्याचे व्हिडिओ महिनाभर फिरले. ते दिवे मनगटं स्वतः लावत नव्हती. मागे कुणीतरी बसून, गाण्याच्या ठेक्यावर, ते लावत होतं. मराठी बँड आता नाट्यगृहांतून कार्यक्रम करायला लागले आहेत. नाटकाची ही रीतही त्यांनी उचलावी, असं मी माझ्या भाच्याला सांगितलं आहे. त्यानं मान हलवली आहे. बघू.

मध्यंतरी त्यांचा सांगलीत कार्यक्रम होता. बंदिस्त नाट्यगृह, तेही भरलेलं. रिकामं नाट्यगृह घुमतं आणि माणसं बसली की त्यांचे कपडे, अंगं आवाज पिऊन टाकतात, म्हणून दुपारी जुळवलेलं सगळं संध्याकाळी पहिल्या गाण्यातच पुन्हा जुळवावं लागतं. मी या वेळी मुद्दाम मिक्सरच्या शेजारची खुर्ची घेतली होती. (कार्यक्रमाला जाल तेव्हा तुम्हीही घ्या, सगळा आवाज त्या जागेवरून ऐकून बसवलेला असतो, पुढच्या महागड्या रांगांमधून नाही.) मॉनिटरवरचा तो मुलगा आता दादांच्या शेजारी उभा होता. शेवटून दुसऱ्या गाण्याच्या आधी दादा बाजूला सरले आणि त्याला म्हणाले, ‘हे तू घे.’ त्यानं पहिल्यांदा बासरीच्या फेडरला हात घातला तेव्हा दादांनी त्याचं मनगट धरलं. ‘वाढवू नकोस. ती ऐकू येत नाही, तर तिच्या आड कोण आलंय ते बघ.’ पोरगा थोडा वेळ नुसताच ऐकत राहिला. मग त्यानं दुसरी गिटार केसभर खाली आणली आणि बासरी तिच्या जागी होती तिथेच मोकळी झाली. रंगमंचावर कुणाला याचा पत्ता नव्हता. गाणं संपलं तशी पुढून खणखणीत वन्स मोर आला, गायकानं लवून तो स्वीकारला. पोरगा मिक्सर सोडून मागे सरकायला लागला, तर दादांनी त्याला खांद्यानं पुन्हा पुढे ढकललं, ‘वन्स मोर आलाय, कुठे निघालास?’ पावणेदहा होऊन गेले होते आणि दहाला आवाज बंद करावा लागणार होता, म्हणून मुखडा आणि एकच कडवं झालं.